साने गुरुजींचे बाळपण

थोर पुरुषांची चरित्रे वाचावयास घेतली म्हणजे बहुधा असे आढळते की, त्यांच्या बाळपणास पहिली दोन पाने मिळतात व उरलेला सारा ग्रंथ त्यांच्या कर्तृत्वाने व्यापलेला असतो. जन्म अमक्या गावी झाला, वडील अमुक धंदा करीत, शिक्षण अमक्या शाळेत झाले, एवढे सांगून चरित्रकार पुढे जातो. कै. पांडुरंग सदाशिव साने, ज्यांस सारा महाराष्ट्र साने गुरुजी म्हणून ओळखतो, त्यांच्या बाबतीत मात्र क्रम उलटा झालेला आहे. त्यांनी सत्याग्रह केले, तुरुंगवास भोगले, शेतकरी व कामगार यांच्यासाठी देह झिजविला. तथापि घरोघर त्यांची ओळख आहे ती त्यांच्या बाळपणामुळे. हे बाळपण त्यांनी स्वतःच लिहून ठेविले, आणि ते लिहिण्याची पूर्वतयारी आपल्या ह्या खानदेशात झाली. म्हणून यंदाच्या अंकात त्यांचे चरित्र आमच्या विद्यार्थिवाचकांस व त्यांच्या आईबापांस सादर करण्याचे आम्ही योजिले आहे.

गुरुजींचा जन्म 24 डिसेंबर 1899 रोजी रत्नागिरी जिल्ह्यातील दापोली तालुक्यात पालगड ह्या खेड्यात झाला. वडिलांचे नाव सदाशिवराव व आईचे यशोदाबाई. घराणे खोताचे. कोकणात खोत म्हणजे गावचा सारा वसूल करून सरकारात भरणारा वतनदार. आजोबांच्या काळी घरची स्थिती चांगली होती. परंतु गुरुजी जाणते होत गेले तसतसा हा डोलारा खचत गेला. भाऊबंदकी झाली, कुटुंब विभक्त झाले, कर्ज वाढले आणि सावकाराचा तगादा दारात येऊन बसला. नाव खोताचे व घरात आज तेल आहे तर उद्या मीठ नाही, अशा स्थितीत ह्या मुलाचे बाळपण गेले.

असे असता ते बाळपण लक्षावधी वाचकांस हवेहवेसे का वाटावे? ह्याचे उत्तर त्यांच्या आईपाशी आहे. यशोदाबाई काही शाळेत शिकलेल्या नव्हत्या. व्रते, उपवास, घरकाम आणि मुले एवढेच त्यांचे जग. परंतु मुलास वळण कसे लावावे ह्याचे ज्ञान त्यांस उपजतच होते. ‘श्यामची आई’ ह्या पुस्तकात गुरुजींनी स्वतःस श्याम हे नाव घेऊन ज्या हकिगती सांगितल्या आहेत, त्यांतील दोनचार येथे सांगितल्यावाचून पुढे जाववत नाही.

श्यामला स्वच्छतेची मोठी हौस. स्नान झाल्यावर ओल्या पायांस माती लागू नये म्हणून आईने आपल्या ओल्या लुगड्याचा ओचा धोंडीवर पसरावा, मग त्यावर पाय ठेवून तो घरात जाई. आईने हा हट्ट पुरविला, पण त्याबरोबर एवढेच सुचविले की, पायाला घाण लागू नये म्हणून जितका जपतोस तितकाच मनाला लागू नये म्हणूनही जप. दुसरी गोष्ट पोहण्याची. कोकणात तुडुंब भरलेल्या विहिरीत मुले पोहावयास शिकत. श्याम भिऊन माळ्यावर लपून बसला. एरवी मायेने ओथंबलेल्या ह्या माउलीने त्या दिवशी हाती काठी घेतली आणि त्यास विहिरीवर पिटाळले. कारण आपल्या मुलास लोकांनी भित्रा म्हणावे हे तिला खपणारे नव्हते. लाड कोठे करावेत व कोठे करू नयेत, हा विवेक ह्या दोन प्रसंगांत एकत्र पाहावयास मिळतो.

त्या काळच्या मुलांस घरकामाचा वाटा उचलावा लागे. जेवणास पत्रावळी लागत आणि ज्याने त्याने त्या लावावयास शिकावे असा नेम असे. श्याम टाळाटाळ करी. पण घरच्या माणसांनी ते चालू दिले नाही आणि शेवटी तो बहिणीपाशी बसून पाने टाचावयास शिकला. आई आजारी असता वटसावित्रीच्या व्रतात तिच्या वतीने वडाला प्रदक्षिणा घालण्याचे काम त्याच्यावर आले. बायकांत जाऊन मुलग्याने प्रदक्षिणा घालाव्यात ह्याची त्याला लाज वाटली. आईच्या कामाची लाज कसली, हा धडा त्याने त्या दिवशी घेतला. एकदा एक वृद्ध महार स्त्री लाकडांच्या मोळीपाशी हतबल होऊन बसली होती. स्पर्शास्पर्शाचे बंध अत्यंत कडक असण्याचा तो काळ. आईने श्यामला तिची मोळी उचलून देण्यास धाडले आणि आल्यावर स्नान करावयास सांगितले. ह्यात आईची दया दिसते, तशी त्या काळाची मर्यादाही दिसते. गुरुजींनी दोन्ही लपविल्या नाहीत. पुढे पंढरपूरचे विठ्ठलमंदिर हरिजनांस खुले व्हावे म्हणून 1 मे 1947 पासून दहा दिवस त्यांनी जे उपोषण केले व जे सफळ झाले, त्याचे बीज त्या मोळीपाशी पडले असावे, असे आम्हांस वाटते. मुलाने आईची दया घेतली आणि तिला ओलांडता न आलेली मर्यादा आपण ओलांडली.

गुरुजींच्या शिक्षणाची कथा ही दारिद्र्याशी झुंजण्याची कथा आहे. प्रथम त्यांस पुण्यास मामांकडे ठेविले. तेथे त्यांचे मन रमले नाही. मग दापोलीस ते एका मिशन शाळेत शिकू लागले. आमच्यासारख्याच एका शाळेच्या बाकांवर हा मुलगा बसत होता, हे आमच्या विद्यार्थ्यांनी ध्यानात ठेवावे. मराठी व संस्कृत ह्या विषयांत त्यांची बुद्धी तेथेच चमकू लागली. दापोलीच्या दिवसांतील एक आठवण फार गोड आहे. घरी धाकटा भाऊ पुरुषोत्तम. त्याला अंगात घालावयास नवी आंगी नाही व वडिलांपाशी पैसा नाही, हे श्यामला कळले. खाऊसाठी मिळालेले पैसे त्याने पेटीत साठविले, कापड घेतले, आंगी शिवून घेतली आणि गणेशचतुर्थीच्या सुमारास भर पावसात, भरून वाहणारे पऱ्हे ओलांडीत तो पायी घरी गेला. आमच्या गावाच्या नावातही पुरुषोत्तम आहे. हा योगायोग खरा. पण त्यामुळे ही आठवण आमच्या मुलांच्या ध्यानात अधिक राहील, अशी आशा आहे.

पुढे शिक्षणाचा खर्च झेपेना. औंध संस्थानात गरीब विद्यार्थ्यांची सोय होते असे ऐकून ते तेथे गेले. तेथे प्लेग उद्भवल्यामुळे परतावे लागले. मग पुण्यास नूतन मराठी विद्यालयात त्यांनी नाव घातले. ते असे शिक्षणासाठी दूर असतानाच 2 नोव्हेंबर 1917 रोजी यशोदाबाईंनी देह ठेविला. मातेच्या अखेरच्या क्षणी मुलगा जवळ नव्हता. घराची जप्ती, दवंडी, गावातील नाचक्की हे सर्व तिने सोसले होते आणि ज्याच्यासाठी सोसले त्याच्या विद्येचे फळ पाहणे मात्र तिच्या नशिबी नव्हते. पुढील वर्षी, 1918 साली, गुरुजी मॅट्रिक झाले. ही खंत त्यांच्या मनातून कधीही गेली नाही. तिचेच पुढे पुस्तक झाले.

येथून पुढे गुरुजींच्या चरित्राशी खानदेशचा संबंध येतो. उच्च शिक्षण घेऊन तत्त्वज्ञानाच्या अभ्यासासाठी ते अमळनेरास प्रतापशेठ यांनी स्थापिलेल्या तत्त्वज्ञान मंदिरात आले आणि 1924 साली तेथील खानदेश एज्युकेशन सोसायटीच्या हायस्कुलात शिक्षक झाले. नंदुरबारहून आगगाडीने जाताना जे अमळनेर लागते तेच हे, बोरी नदीकाठचे. गुरुजींकडे छात्रालयाची व्यवस्था आली. खानदेशच्या खेड्यापाड्यांतून आईबापांस सोडून आलेली ही मुले. त्यांच्या खोल्या झाडणे, अंथरुणे नीट करणे, कपडे धुणे, आजाऱ्याच्या उशाशी जागणे ही कामे गुरुजी गाजावाजा न करता करीत. मुलांनी हे पाहिले आणि आपण होऊन केर काढू लागली. उपदेशाचा एक शब्दही न बोलता शिस्त लागली. पहाटे उठून ते ‘छात्रालय’ नावाचे हस्तलिखित दैनिक लिहून काढीत व ते मुलांस वाचावयास मिळे. 1928 साली त्यांनी ‘विद्यार्थी’ हे मासिकही काढले. आमच्या मते ह्या सहा वर्षांत गुरुजी आपल्या आईचीच भूमिका करीत होते. तिने एका घरात जे केले ते त्यांनी एका छात्रालयात केले.

1930 साली मिठाच्या सत्याग्रहाचे वारे वाहू लागताच त्यांनी शाळा सोडली व ते चळवळीत पडले. धुळ्याच्या तुरुंगात 1932 साली विनोबा भावे यांची गीतेवरील प्रवचने झाली. ती उतरून घेण्याचे काम गुरुजींनी केले. ‘गीता प्रवचने’ हा ग्रंथ आपल्या हाती आला तो त्या लेखणीमुळे. त्रिचनापल्लीच्या तुरुंगात निरनिराळ्या प्रांतांतील बंदिवान भेटले, आणि भारतातील भाषांनी एकमेकींशी बहिणींप्रमाणे वागावे ही आंतरभारतीची कल्पना त्यांच्या मनात रुजली. पुढे नाशिकच्या तुरुंगात असता 9 फेब्रुवारी 1933 ह्या दिवशी, गुरुवारी, त्यांनी ‘श्यामची आई’ लिहावयास घेतली आणि सोमवारी, 13 तारखेस, ते लेखन बहुतेक हातावेगळे केले. दिवसा तुरुंगातले काम आणि उरलेल्या वेळी हे लेखन. पाच दिवसांत एवढे लिहून कसे झाले असे कोणी विचारील. पण जे कित्येक वर्षे मनात घोळत होते व जे छात्रालयातील मुलांसमोर बोलून झाले होते, ते कागदावर यावयास पाच दिवस पुरले. 1935 साली पुस्तक प्रसिद्ध झाले. एका आश्रमात रात्रीच्या प्रार्थनेनंतर श्याम आपल्या सोबत्यांस आईच्या आठवणी सांगतो, अशी त्याची रचना असून त्यात 42 रात्री आहेत. आचार्य अत्रे यांनी 1953 साली त्यावर चित्रपट काढला व त्यास राष्ट्रपतींचे पहिले सुवर्णपदक मिळाले.

गुरुजींचे पुढील आयुष्य आम्ही थोडक्यात सांगतो. शेतकऱ्यांचे व गिरणीकामगारांचे प्रश्न त्यांनी हाती घेतले, 1936 च्या फैजपूर काँग्रेससाठी ते राबले, 1942 च्या चळवळीत भूमिगत राहिले व पुन्हा तुरुंगात गेले. 15 ऑगस्ट 1948 रोजी त्यांनी ‘साधना’ साप्ताहिक सुरू केले. 11 जून 1950 रोजी ते निवर्तले. त्या वेळी त्यांनी वयाची पन्नाशी नुकतीच ओलांडली होती.

आता ह्या चरित्रापासून घ्यावयाचे काय, हा प्रश्न उरतो. पूर्वीचे बाळपण फार सुखाचे होते, असे म्हणण्याची वडील माणसांस सवय असते. गुरुजींचे पुस्तक ह्याची साक्ष देत नाही. त्यात धाकट्या भावाचा मृत्यू आहे, ताप आहे, उपास आहे, सावकाराच्या माणसाने केलेला अपमान आहे, आजारी आईला औषधपाणी न मिळणे आहे. खोती, कर्ज आणि जप्ती ह्यांची कोरडी माहिती इतिहासाच्या ग्रंथांत सापडेल. परंतु दारात दवंडी वाजली असता घरातल्या मुलास काय वाटते, हे अशा आठवणींखेरीज कोठेही सापडणार नाही. रमाबाई रानडे यांनी 1910 साली आपल्या आठवणी प्रसिद्ध केल्या, लक्ष्मीबाई टिळक यांची ‘स्मृतिचित्रे’ 1934 पासून प्रसिद्ध होऊ लागली. लहानपणी लग्न झालेल्या मुलींची मने आपणांस कळतात ती ह्या दोघींनी लिहिले म्हणून. ज्यांनी लिहिले नाही त्यांचे बाळपण त्यांच्याबरोबर गेले.

आमच्या परिसरासही हे लागू आहे. पुरुषोत्तमनगर हे नाव व येथील साखर कारखाना नसता ह्या तापीखोऱ्यात मुले कशी वाढली, सातपुड्याच्या पाड्यावरून शाळा किती दूर होती, दुष्काळात घरात काय शिजत होते, गुरे कोण राखी व शाळेत कोण जाई, हे सांगणारी माणसे दिवसेंदिवस कमी होत आहेत. आमच्या कित्येक विद्यार्थ्यांच्या आज्या अहिराणीत, गुजरीत अथवा भिलोरीत ज्या गोष्टी सांगतात, त्या कोणत्याही पुस्तकात नाहीत. ऊसतोडीच्या हंगामात आईबापांमागे हिंडणाऱ्या मुलांची कथा तर अजून लिहिली जावयाचीच आहे.

म्हणून विद्यार्थ्यांस आमचे सांगणे आहे की, येत्या सुट्टीत घरच्या वडील माणसांपाशी एक वही घेऊन बसावे, त्यांच्या लहानपणीची हकीगत विचारावी आणि जशी ऐकली तशी लिहावी. भाषा सुंदर नसली तरी चालेल, खरी असावी. आईबापांस आमची विनंती अशी की, आपल्या दारिद्र्याच्या दिवसांची लाज बाळगून ते दिवस मुलांपासून लपवू नयेत. गुरुजींनी घरातील जप्तीदेखील लपविली नाही, आणि त्यामुळे त्यांच्या आईची किंमत कमी झाली नाही. पालगडच्या एका खेडवळ माउलीस आपल्या मरणानंतर अठरा वर्षांनी सारा महाराष्ट्र आई म्हणू लागला, ह्याचे कारण एका मुलाने तिचे ऐकले, ध्यानात ठेविले व लिहिले. आमच्या शाळेतील मुलामुलींस तितके मोठे लेखक होता आले नाही तरी हरकत नाही. ऐकणे, ध्यानात ठेवणे व लिहिणे ही तीन कामे मात्र प्रत्येकास करता येण्याजोगी आहेत.