संधिप्रकाशातील कथाकार

सन १९४४. फिलिपाइन्समधील लेते बेटावर घनघोर युद्ध चालू होते. भुकेल्या अमेरिकन सैनिकांसाठी विमानांतून अन्नाच्या पेट्या टाकल्या जात. त्यांतील एक जड पेटी रॉड सर्लिंग या तरुण छत्रीधारी सैनिकाच्या मित्रावर आदळली आणि तो जागीच गतप्राण झाला. प्राण वाचवण्यास आलेल्या अन्नानेच प्राण घ्यावा, हा दैवाचा विचित्र खेळ सर्लिंग कधी विसरला नाही.

त्याचा जन्म २५ डिसेंबर १९२४ रोजी न्यूयॉर्क राज्यातील सिरॅक्यूज येथे एका ज्यू कुटुंबात झाला. युद्धात जखमी होऊन परतल्यावर तो ओहायोतील अँटिऑक महाविद्यालयात शिकू लागला. मनातील भीषण आठवणींना वाट मिळावी म्हणून त्याने लेखणी हाती घेतली. आरंभी त्याच्या कितीतरी संहिता साभार परत आल्या. परंतु १२ जानेवारी १९५५ रोजी त्याचे 'पॅटर्न्स' हे नाटक दूरचित्रवाणीवर झाले आणि तो प्रसिद्धीस आला. त्या काळी अशी नाटके घडत असतानाच प्रक्षेपित होत. प्रयोग संपला की संपला. हे नाटक मात्र महिन्याच्या आत पुन्हा सादर करावे लागले.

कीर्तीबरोबर कटकटीही आल्या. नाटकांचा खर्च जाहिरातदार सोसत आणि लेखकाच्या शब्दांवर हुकमतही तेच गाजवीत. १९५५ मध्ये मिसिसिपी राज्यात एमेट टिल या चौदा वर्षांच्या कृष्णवर्णीय मुलाची गोऱ्यांनी हत्या केली. आरोपी निर्दोष सुटले. त्या अन्यायावरून सर्लिंगला एक नाटक स्फुरले. दक्षिणेकडील ग्राहक रुष्ट होतील या भयाने ते पार बदलण्यात आले. मारला गेलेला मनुष्य नुसता कोणी परदेशी झाला, गाव दक्षिणेतून उचलून उत्तरेत नेले, इतकेच नव्हे तर कोकाकोलाची बाटलीही दक्षिणेची आठवण देते म्हणून वगळली!

तेव्हा सर्लिंगने निराळी वाट धरली. माणसांच्या मुखी जे घालता येत नाही, ते परग्रहवासीयांच्या व यंत्रमानवांच्या कथांतून सांगावयाचे. पशुपक्ष्यांना बोलके करणाऱ्या आपल्या पंचतंत्रकारालाही ही युक्ती ठाऊक होतीच. २ ऑक्टोबर १९५९ रोजी 'ट्वायलाइट झोन', म्हणजे संधिप्रकाशाचा प्रदेश, ही मालिका सुरू झाली. तिच्या १५६ भागांपैकी ९२ भाग एकट्या सर्लिंगने लिहिले. एका कथेत मेपल स्ट्रीट या रस्त्यावरील दिवे जातात आणि परग्रहावरून शत्रू आल्याची आवई उठते. शेजारी शेजाऱ्याकडे संशयाने पाहू लागतो. अंधारात कोणी येताना दिसते, गोळी सुटते आणि एक निरपराध शेजारीच मरून पडतो. परग्रहवासी दूर टेकडीवरून हे पाहत असतात; दिव्यांशी खेळण्यापलीकडे त्यांना काहीच करावे लागत नाही. अशा कथांना जाहिरातदारांनी फारशी हरकत घेतली नाही. त्यांच्या दृष्टीने त्या केवळ अद्‌भुत गोष्टी होत्या.

१९६४ मध्ये ही मालिका संपली. 'सेव्हन डेज इन मे' या चित्रपटाची पटकथा सर्लिंगने लिहिली आणि १९६८ च्या 'प्लॅनेट ऑफ द एप्स' चे लेखन दुसऱ्या एका लेखकासह केले. पुढे इथाका महाविद्यालयात तो विद्यार्थ्यांना लेखनकला शिकवीत असे. हृदयावरील शस्त्रक्रियेनंतर २८ जून १९७५ रोजी रॉचेस्टर येथे त्याचे निधन झाले. त्या वेळी तो अवघा पन्नास वर्षांचा होता.