मॅट्रिक नापास पटकथाकार

मित्रहो, निकाल लागला की आपल्या हॉस्टेलमध्ये गदिमांची आठवण हमखास निघते. ते गणितामुळे मॅट्रिक नापास झाले, तरी एवढे मोठे झाले, असं केटी लागलेल्याला सांगायचं आणि चहा मागवायचा! मी आटपाडी तालुक्यातला, म्हणजे गदिमांच्या माडगूळ्याकडचाच. त्यामुळे या गोष्टीचा राहिलेला अर्धा भाग सांगणं मला भागच आहे.

गजानन दिगंबर माडगूळकर यांचा जन्म १ ऑक्टोबर १९१९ रोजी शेटफळे गावी झाला. शिक्षण औंध संस्थानात. घरी गरिबी, त्यात मॅट्रिक हुकलेली. पोटासाठी ते सिनेमात शिरले. १९३८ च्या 'ब्रह्मचारी'त त्यांना छोटंसं काम मिळालं. पुढे ते वि. स. खांडेकरांचे लेखनिक झाले. हे खांडेकर म्हणजे आपल्या तेव्हाच्या रत्नागिरी जिल्ह्यातल्या शिरोड्याला अठरा वर्षं मास्तरकी करून कोल्हापुरात पटकथा लिहायला गेलेले. ते सांगणार, गदिमा उतरवून घेणार. पटकथेचं कॉलेज कुठे होतं तेव्हा? हेच त्यांचं कॉलेज, आणि हेच प्रॅक्टिकल.

१९४७ साली व्ही. शांतारामांच्या राजकमलचा 'रामजोशी' आला आणि लेखक-गीतकार म्हणून गदिमांचं नाव झालं. म्हणजे मध्ये तब्बल नऊ वर्षं गेली होती. त्यानंतर दिग्दर्शक राजा परांजपे, संगीतकार सुधीर फडके आणि गदिमा असं त्रिकूट जमलं. 'लाखाची गोष्ट' (१९५२), 'ऊन पाऊस' (१९५४), 'जगाच्या पाठीवर' (१९६०) हे त्यांचे गाजलेले चित्रपट. मधल्या काळात, १९५५-५६ मध्ये, पुणे आकाशवाणीसाठी गीतरामायणाची ५६ गाणीही झाली.

पण मला सगळ्यात भारी वाटतो तो 'दो आँखें बारह हाथ' (१९५७). औंधच्या राजांनी आमच्या आटपाडीजवळ स्वतंत्रपूर नावाची भिंती नसलेली कैद्यांची वसाहत काढली होती. तिथे कैदी शेती करायचे. त्याच प्रयोगावर गदिमांनी कथा रचली. सहा खुनी कैदी, एक जेलर आणि एक ओसाड माळ, एवढंच भांडवल. शांतारामांच्या या चित्रपटाला १९५८ साली बर्लिनच्या महोत्सवात पारितोषिक मिळालं. ज्या संस्थानात हा मुलगा नापास झाला, तिथलीच गोष्ट त्याने बर्लिनपर्यंत नेली!

१९६९ मध्ये पद्मश्री मिळाली. १४ डिसेंबर १९७७ रोजी पुण्यात त्यांचं निधन झालं, तोवर दीडशेहून अधिक मराठी चित्रपटांना त्यांची लेखणी लागली होती.

तेव्हा दोस्तांनो, केटी लागलेल्या मित्राला गदिमांचं उदाहरण जरूर द्या. पण नापास होण्याने ते मोठे झाले नाहीत. नापास झाल्यावर, मिळेल ते काम करत ती नऊ वर्षं ते शिकत राहिले, हेही त्याला सांगा. नुसतं अर्धं उदाहरण देऊन त्याला गादीवर लोळत ठेवू नका.