पालवणकर बाळू : तंबूबाहेरचा खेळाडू

क्रिकेटच्या धावत्या वर्णनात फलंदाज बाद झाला की तो तंबूत परतला, असे म्हणण्याची आपली रीत आहे. भारतातल्या पहिल्या थोर गोलंदाजाला मात्र चहापानाच्या वेळी तंबूत परतण्याची मुभा नव्हती. इतर दहा जण आत कपबशीतून चहा घेत, आणि याचा चहा बाहेर, पिऊन टाकून द्यायच्या मातीच्या भांड्यात येई. जेवणाचे पानही वेगळे मांडले जाई.

बाळूचा जन्म १८७५ च्या सुमारास धारवाडला झाला, तेव्हा आपल्या अंकाच्या कानडी विभागाच्या वाचकांनीही त्याच्यावर हक्क सांगायला हरकत नाही. घराणे मूळ कोकणातले. जात चर्मकार, म्हणजे त्या काळच्या हिशेबाने अस्पृश्य. वडील लष्करात नोकरीला. त्यांच्याबरोबर बिऱ्हाड पुण्याला आले. साहेबांनी टाकून दिलेल्या बॅटी आणि चेंडू घेऊन बाळू व धाकटा शिवराम खेळायला शिकले. विठ्ठल आणि गणपत हे पाठचे दोघे भाऊही पुढे नामवंत खेळाडू झाले.

शाळा लवकर सुटली. पुण्यातल्या एका पारशी क्लबात खेळपट्टी झाडण्याचे आणि रोलर फिरवण्याचे काम मिळाले, पगार महिना तीन रुपये. १८९२ च्या सुमारास तो युरोपियनांच्या पूना क्लबात गेला. तेथे एक रुपया जास्त मिळे. जाळी बांधणे, खुणा आखणे, चुना मारणे ही कामे उरकली की हा मुलगा सभासदांना सरावासाठी गोलंदाजी टाकू लागला. डावखुरी, मंद, पण टप्प्यावर अशी पक्की की साहेब चकित होत. कॅप्टन ग्रेग हा त्या क्लबातला सर्वांत तयार फलंदाज. बाळूने बाद केले की दर वेळी तो आठ आणे देई, असे सांगतात. ग्रेगचा खेळ त्यामुळे सुधारला आणि बाळूचा हात घोटीव झाला. पण शेकडो तास चेंडू टाकणाऱ्या या पोराच्या हाती बॅट द्यावी असे त्या क्लबातल्या कोणाच्या मनात आले नाही. फलंदाजी हे मालकाचे काम, गोलंदाजी नोकराचे, असाच तो न्याय होता.

आता पुण्याच्या हिंदूंच्या क्लबाची पंचाईत झाली. पूना क्लबाला हरवायचे तर बाळू हवा. बाळू घ्यायचा तर विटाळ! संघातल्या तेलुगू सभासदांनी त्याची बाजू घेतली, ब्राह्मणांपैकी काहींनी विरोध केला. याच सुमारास दूर आयर्लंडमध्येही क्लब आणि राज्यकर्ते यांचा झगडा चालला होता. तेथे १ नोव्हेंबर १८८४ रोजी थर्ल्स गावी मायकेल क्युसॅक आणि त्याच्या सोबत्यांनी हर्लिंग व गेलिक फुटबॉल या देशी खेळांची संघटना उभारली. गावोगाव तिचे क्लब निघाले, आणि पुढे क्रिकेट-रग्बीसारखे परके खेळ खेळणाऱ्याला त्यांत मज्जाव झाला. आयरिश माणसाने साहेबाचा खेळच नाकारला. आपण साहेबाला त्याच्याच खेळात हरवायला निघालो. आणि दार लावले ते परक्याला नव्हे, आपल्याच माणसाला.

शेवटी जिंकण्याची हाव विटाळापेक्षा मोठी ठरली. बाळू संघात आला आणि सामने जिंकून देऊ लागला. न्यायमूर्ती रानड्यांनी त्याचा जाहीर गौरव केला. चहाचे भांडे मात्र बरीच वर्षे मातीचेच राहिले.

१८९६ च्या सुमारास बाळू मुंबईला आले. लष्करात आणि नंतर बी. बी. अँड सी. आय. रेल्वेत त्यांनी नोकरी केली. (आज सिल्वासाला येताना आपण वापीला उतरतो, तो लोहमार्ग याच कंपनीचा.) हिंदू जिमखान्यातही काही सभासदांनी नाके मुरडली, पण बाळूंशिवाय संघ उभा राहणे अवघड होते. फेब्रुवारी १९०६ मध्ये हिंदूंनी युरोपियनांना १०९ धावांनी हरवले. हिंदूंच्या धावा २४२ व १६०. युरोपियनांच्या १९१ व १०२. बाळूंनी आठ गडी टिपले. शिवरामही त्या संघात होते. या सुमारास दोघा भावांना जिमखान्यात इतरांच्या पंक्तीला बसता येऊ लागले होते.

१९११ मध्ये पतियाळाच्या महाराजांच्या नेतृत्वाखाली भारतीय संघ इंग्लंडला गेला. संघाची दाणादाण उडाली, तरी पस्तिशी ओलांडलेल्या बाळूंनी दुखऱ्या खांद्याने ११४ बळी मिळवले.

पण कप्तानपद? दहा वर्षे मागणी झाली आणि दहा वर्षे ते दुसऱ्याकडे गेले. १९२० च्या चौरंगी सामन्यांत तर बाळूंना संघातूनच वगळले. कप्तान पै आजारी पडले, तेव्हा विठ्ठल आणि शिवराम यांचा वडिलकीचा हक्क डावलून एका ब्राह्मण खेळाडूला कप्तान केले. दोघा भावांनी जाहीर पत्रक काढून संघ सोडला. लोकमत खवळले. अंतिम सामन्यासाठी भाऊ परत आले, बाळू उपकप्तान झाले, आणि पैंनी काही काळ मैदान सोडून सूत्रे त्यांच्या हाती दिली. तीन वर्षांनी, १९२३ मध्ये, विठ्ठल रीतसर कप्तान झाले आणि हिंदूंनी अजिंक्यपद मिळवले.

बाळूंचे उत्तरायुष्य चरित्रकाराला अडचणीत टाकणारे आहे. डॉ. आंबेडकरांना तरुणपणापासून बाळूंचे कौतुक होते. परंतु १९३२ मध्ये स्वतंत्र मतदारसंघाच्या प्रश्नावर बाळू गांधीजींच्या बाजूने उभे राहिले; पुणे करारावर त्यांचीही सही आहे. १९३७ च्या निवडणुकीत काँग्रेसने त्यांना मुंबईत थेट बाबासाहेबांविरुद्ध उभे केले, आणि सुमारे दोन हजार मतांनी ते पडले. ती उमेदवारी त्यांनी स्वीकारायला नको होती, असे मला वाटते. तथापि ज्या माणसाने एकेक सामना जिंकून पंक्तीतली जागा मिळवली होती, त्याला समेटाची वाट खरी वाटली, यात नवलही नाही.

पहिल्या दर्जाच्या ३३ सामन्यांत त्यांनी १७९ बळी घेतले, सरासरी १५.२१. भारताचा पहिला कसोटी सामना झाला १९३२ मध्ये. तोवर त्यांचा खेळ संपला होता. ४ जुलै १९५५ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले.