लस जिवंत की मेलेली? हाफकिन यांनी दोन्ही केल्या

विश्रामबाग (सांगली) : लाळ्या-खुरकूतची लस मेलेल्या विषाणूंची, म्हणून ती पुन्हा पुन्हा टोचावी लागते. कालवडींना देतात ती ब्रुसेलाची लस जिवंत, म्हणून गाभण गाईला देत नाहीत. माणसांसाठी या दोन्ही वाटा चालून पाहिल्या त्या वाल्देमार हाफकिन यांनी.

१८६० साली ओडेसात जन्म. पॅरिसला पाश्चर यांच्या संस्थेत त्यांनी पटकीवर जिवंत जंतूंची लस केली, १८९२ मध्ये आधी स्वतःला टोचली आणि पुढच्या वर्षी भारतात आले.

१८९६ मध्ये मुंबईत प्लेग आला. ग्रँट मेडिकल कॉलेजात जागा मिळाली, हाताखाली एक कारकून आणि तीन शिपाई, बस्स! मांसाच्या रश्शावर चक्क तुपाचे थेंब सोडून त्यांनी जंतू वाढवले. यावेळी मात्र ते तापवून मारले. १० जानेवारी १८९७ ला पहिली सुई पुन्हा स्वतःलाच. मेलेली लस असली तरी ताप चढलाच.

१९०२ मध्ये पंजाबातल्या मुलकोवाल गावात एकाच बाटलीतली लस घेतलेले १९ जण धनुर्वाताने गेले. प्लेगचे जंतू मेलेलेच होते, पण बाटलीत धनुर्वाताचे शिरले. बाटली उघडायचा चिमटा म्हणे जमिनीवर पडला होता. ठपका बसला हाफकिन यांच्यावर. १९०७ मध्ये नाव साफ झालं, मुंबईची प्रयोगशाळा काही परत मिळाली नाही. परळच्या त्या संस्थेला १९२५ मध्ये त्यांचं नाव दिलं. १९३० मध्ये ते स्वित्झर्लंडमध्ये वारले.