कात्री कुणाची, चित्रपट कुणाचा?

चित्रपट सुरू होताना पडद्यावर नावे येतात, तेव्हा आपल्यापैकी बरेच जण अंधारात खुर्ची शोधत असतात. नटनट्यांची, संगीतकाराची नावे तरी कानावर आलेली असतात. दिग्दर्शकाचे नाव सगळ्यांत शेवटी, ठळक येते. मध्येच कुठेतरी 'संकलन' असा शब्द येतो आणि त्यापुढचे नाव वाचायच्या आत निघून जाते. मराठीतला हा शब्द मला मोठा गमतीचा वाटतो. इकडचे तिकडचे गोळा करून ठेवणे म्हणजेही संकलन आणि सुट्या तुकड्यांतून चित्रपट उभा करणे म्हणजेही संकलनच! या दोन अर्थांमध्ये अंतर किती, हा वाद एका बाईच्या आयुष्यात अगदी रोकडा होऊन उभा राहिला. सोव्हिएत रशियातल्या त्या बाईचे नाव एस्फिर शुब.

शुबचा जन्म १८९४ सालचा, झारच्या साम्राज्यातल्या सुराझ नावाच्या लहान गावातल्या ज्यू कुटुंबातला. साहित्य शिकायला ती मॉस्कोला आली आणि क्रांतीने तिला तिथेच गाठले. नव्या सरकारच्या शिक्षणखात्याच्या नाट्यविभागात तिने काम केले. मेयरहोल्डसारखा रंगकर्मी आणि मायकोव्हस्कीसारखा कवी यांच्या वर्तुळात ती वावरली. १९२२ मध्ये ती 'गॉस्किनो' या सरकारी चित्रसंस्थेत दाखल झाली.

तिथे तिच्या वाट्याला आलेले काम विचित्र होते. यादवी युद्धातून देश नुकता बाहेर पडत होता. कच्च्या फिल्मचा दुष्काळ होता, स्वतःचे चित्रपट थोडे होते आणि चित्रपटगृहे तर चालवायची होती. म्हणून जर्मनी-अमेरिकेतले चित्रपट आणायचे आणि ते नव्या राजवटीच्या प्रेक्षकांना 'योग्य' करून दाखवायचे, असा खाक्या होता. जमाना मूकपटांचा. पात्र काय बोलते हे पडद्यावरची मजकुराची पाटी सांगणार. पाटी बदलली की बोलणे बदलले, दृश्यांचा क्रम बदलला की खलनायकाचा हेतू बदलला! शुबने असे दोनशेच्या आसपास परदेशी चित्रपट पुन्हा जुळवले. चॅप्लिनचा 'कार्मेन'ही तिच्याच टेबलावरून गेला.

ही सेन्सॉरची चाकरीच होती, यात शंका नाही. पण या चाकरीत ती काय शिकली ते पाहण्यासारखे आहे. एखादा चेहरा नुसता चेहरा असतो. त्याच्यापुढे ताट ठेवले तर तो भुकेला दिसतो, शवपेटी ठेवली तर शोकाकुल दिसतो. अर्थ तुकड्यात नसतो, दोन तुकड्यांच्या सांध्यात असतो. १९२४ साली फ्रिट्झ लांगचा 'डॉक्टर माबुझे' हा जर्मन चित्रपट ती नव्याने जुळवत होती, तेव्हा तिच्या शेजारी बसून हात चालवणारा एक तरुण होता सर्गेई आयझेनस्टाइन. पुढच्याच वर्षी त्याने 'बॅटलशिप पोटेमकिन' केला. फिल्म सोसायट्यांनी आपल्याकडच्या दोन-तीन पिढ्यांना तो दाखवला आणि ओडेसाच्या पायऱ्यांवरचे ते दृश्य आमच्या मनात कायमचे कोरले गेले. पण कात्री धरायला शिकलेला तो हात आधी कुणाच्या टेबलाशी बसला होता, हे आम्हाला फार उशिरा कळले.

दोन वर्षांनी शुबने स्वतःचे काम हाती घेतले. फेब्रुवारी १९१७ च्या क्रांतीला दहा वर्षे होणार होती. त्या निमित्ताने जुन्या वृत्तचित्रांमधून झारशाहीच्या अंताची कथा सांगावी, असे तिच्या मनाने घेतले. नवे काहीही चित्रित करायचे नाही, नट नकोत की सेट नकोत. १९२६ मध्ये ती लेनिनग्राडला गेली. तिथल्या कोठारांत जुनी रिळे वाटेल तशी पडली होती. काहींवर नोंद नाही, काही ओलीने खराब झालेली. त्या काळची नायट्रेट फिल्म भडकन पेट घेणारी आणि नीट न ठेवल्यास कुजणारी. दोनेक महिन्यांत तिने सुमारे ६०,००० मीटर फिल्म डोळ्यांखालून घातली. मूकपटाच्या गतीने ती सलग पाहायची म्हटली तर पन्नासहून अधिक तास लागतील.

या ढिगाऱ्यात झारच्या पदरी असलेल्या छायाचित्रकारांनी टिपलेली दृश्ये होती. मिरवणुका, संचलने, १९१३ मधला रोमानोव्ह घराण्याचा त्रिशतसांवत्सरिक सोहळा. राजघराण्याचे कौतुक व्हावे म्हणूनच ती चित्रित झाली होती. शुबने त्यातला एकही तुकडा खोटा केला नाही. फक्त शेजार बदलला. जहाजाच्या डेकवर उंची कपड्यांतली मंडळी नाचताहेत आणि घाम टिपताहेत. लगेच पुढच्या दृश्यात मातीत राबणारे मजूर घाम पुसताहेत. 'रोमानोव्ह घराण्याचे पतन' १९२७ च्या मार्चमध्ये पडद्यावर आला, तेव्हा झारच्या हौशीखातर काढलेली चित्रे झारविरुद्धची साक्ष होऊन उभी राहिली.

मी आयुष्यभर बँकेत काम केले, म्हणून मला हे चटकन उमगते. ताळेबंदातला प्रत्येक आकडा खरा असू शकतो, प्रत्येक व्हाउचर जागेवर असू शकते. तरी कुठला आकडा कुठल्या आकड्याशेजारी मांडला, यावर वाचणाऱ्याचे मत ठरते. मांडणारा माणूस तटस्थ नसतो. शुबही नव्हती. तिने तसा आवही आणला नाही.

चित्रपट गाजला. पण हा चित्रपट कुणाचा? चित्रसंस्थेचे म्हणणे असे, की बाईंनी एक फूटही चित्रित केलेले नाही. त्यांनी जमवाजमव केली, सबब कर्तेपणाचा हक्क आणि त्याचे मानधन त्यांना नाही. १९२७ मध्येच मायकोव्हस्कीने जाहीर चर्चेत या अन्यायावर तोफ डागली. मालकी नष्ट करायला निघालेल्या राजवटीत एका कलावतीला आपल्या कामावरचा हक्क मागावा लागावा, हा विरोधाभास मोठा बोलका आहे.

ती थांबली नाही. क्रांतीनंतरच्या दहा वर्षांवरचा 'महान मार्ग' त्याच वर्षी आला. १९२८ मध्ये टॉलस्टॉय आणि दुसरा निकोलस यांच्या काळावरचा चित्रपट आला. टॉलस्टॉयची मूळ फीत थोडकीच, तरी तिने त्याच्याभोवती सारा काळ उभा केला. बोलपट आल्यावर १९३२ मध्ये विद्युतीकरणावरच्या अनुबोधपटात तिने कारखान्यांचे आणि माणसांचे खरे आवाज जागेवर ध्वनिमुद्रित करून वापरले.

पण हवा पालटत होती. आयझेनस्टाइनच्या 'ऑक्टोबर'मधून ट्रॉट्स्कीची दृश्ये १९२७ मध्येच कापावी लागली होती. ज्या कात्रीने झारचा इतिहास फिरवला, तिनेच आता क्रांतीचा इतिहास फिरवला जाऊ लागला. स्त्रियांच्या जीवनावरचा चित्रपट शुबने लिहून काढला, तो झालाच नाही. तिचा एकेकाळचा जोडीदार, रचनावादी कलावंत अलेक्सेई गान याला अटक झाली आणि १९४२ मध्ये गोळी घालण्यात आली. ती सरकारी चौकटीतच काम करत राहिली. १९३९ मध्ये रोमान कार्मेन आणि बोरिस माकासेयेव्ह यांनी टिपलेल्या दृश्यांतून तिने स्पेनच्या यादवी युद्धावरचा चित्रपट जुळवला. तो लोकांपुढे आला तेव्हा स्पेनचे प्रजासत्ताक कोसळले होते. पुढे वृत्तचित्रांचे संपादन केले, आठवणी लिहिल्या आणि १९५९ च्या सप्टेंबरमध्ये मॉस्कोत तिचे निधन झाले.

तिला संत ठरवण्याची गरज नाही. तिची कात्री सत्तेच्या बाजूने चालली, हे नाकारता येणार नाही. पण जुन्या फितींचे ढीग कचरा नसून इतिहासाचा ऐवज आहे, ते जपले पाहिजेत, हे तिने हाताने करून दाखवले. आज दूरदर्शनवर फाळणीचा किंवा महायुद्धाचा कुठलाही अनुबोधपट लागतो, त्यातली जुनी काळी-पांढरी दृश्ये कुणीतरी शोधलेली आणि लावलेली असतात. ती खरी असतात, म्हणून आपण निःशंक होतो. अशा वेळी निवेदकाच्या आवाजाबरोबर वाहत न जाता, या दृश्याशेजारी ते दृश्य कुणी आणि का ठेवले, एवढे तरी विचारावे. शेवटी नावे सरकू लागतील तेव्हा दिवा लावायची घाई करू नये. संकलकाचे नाव तिथेच कुठेतरी असते.