सूडातून काय मिळाले? योगी मिलारेपा यांची जीवनकथा

कैलास पर्वताची परिक्रमा करणारे यात्रेकरू शेवटच्या टप्प्यात झुथुलफुक येथे पोहोचतात. तिथे एक लहानशी गुहा आहे. तिबेटचे महान योगी मिलारेपा यांनी या गुहेत साधना केली, अशी श्रद्धा आहे. यात्रेकरू हात जोडतात, क्षणभर डोळे मिटतात आणि पुढे निघतात. ज्यांच्यापुढे आपण मस्तक टेकवतो, त्या महात्म्याने तरुणपणी ३५ माणसांचा जीव घेतला होता, हे त्यांच्यापैकी कितीजणांना ठाऊक असेल?

मिलारेपा यांचा काळ परंपरेने १०५२ ते ११३५ असा मानला जातो. त्सांगन्योन हेरुका यांनी १४८८ मध्ये त्यांचे चरित्र लिहिले आणि ही कथा तिबेटमध्ये घरोघर पोहोचली. तिच्यातील मंत्रतंत्राचे प्रसंग शब्दशः घ्यायचे की नाही, हे ज्याचे त्याने ठरवावे. मनाबद्दल ती जे सांगते, ते मात्र आपल्यापैकी प्रत्येकाला लागू पडते.

अन्याय खरा होता

नेपाळच्या सीमेजवळ गुंगथांग नावाचा प्रदेश आहे. तिथल्या एका सधन व्यापाऱ्याच्या घरी मुलगा झाला. त्याचे नाव थोपागा. त्याच्या पाठीवर पेता नावाची बहीण झाली. थोपागा सात वर्षांचा असताना वडील आजारी पडले. मुलगा मोठा होईपर्यंत घर, शेती आणि गुरेढोरे सांभाळावीत, असे सांगून त्यांनी सर्व संपत्ती मुलांच्या काका आणि आत्याच्या हाती सोपवली आणि देह ठेवला.

पुढे काय झाले असेल, हे भाऊबंदकी पाहिलेल्या कोणालाही सांगावे लागणार नाही. काका-आत्यांनी सर्व काही आपल्या ताब्यात घेतले. घरची मालकीण आणि तिची दोन मुले आपल्याच घरी नोकर झाली. उन्हाळ्यात काकांच्या शेतात राबायचे, हिवाळ्यात आत्याकडे लोकर पिंजायची आणि कातायची. अंगावर चिंध्या आणि पोटाला उरलेसुरले अन्न.

थोपागा पंधरा वर्षांचा झाला, तेव्हा आईने नातेवाइकांना आणि गावकऱ्यांना जेवायला बोलावले आणि सर्वांसमक्ष मुलाचा वाटा परत मागितला. काका-आत्यांनी ही संपत्ती मुळात आमचीच होती, असे सांगून तिला आणि मुलांना मारहाण केली. जाताजाता टोमणाही मारला की, माणसे असतील तर लढा, नसतील तर जादूटोणा करा.

आईने तो टोमणा मनात धरून ठेवला.

आईचा हट्ट

तिने स्वतःच्या नावावरचे अर्धे शेत विकले आणि त्या पैशांवर मुलाला मारणविद्या शिकायला पाठवले. रिकाम्या हाताने परतलास तर तुझ्या डोळ्यांदेखत जीव देईन, असेही बजावले. थोपागाच्या मनातही राग होताच, पण त्या रागाला दिशा आईच्या दुःखाने दिली. सूड पुष्कळदा असाच वारसा म्हणून मिळतो. घरातल्या कोणाचे तरी दुःख पाहवत नाही आणि आपण त्याचे हत्यार होतो.

विद्या देणाऱ्या गुरूनेही घाई केली नाही. मुलगा सांगतो ते खरे आहे का, हे पाहण्यासाठी त्याने शिष्याला गावी पाठवले. अन्याय झाला आहे, याची खात्री पटल्यावरच विद्या दिली. म्हणजे कारण खरे होते आणि त्याची शहानिशाही झाली होती. तरीही पुढे जे घडले ते भयंकर होते.

काकांच्या मोठ्या मुलाचे लग्न होते. घर पाहुण्यांनी भरले होते आणि खाली घोडे बांधलेले होते. अचानक घोडे बिथरले, घराचा खांब निखळला आणि घर कोसळले. ३५ जण ढिगाऱ्याखाली गेले. त्यांत काकांचे मुलगे होते आणि सुनाही होत्या. ज्यांच्यासाठी हा सगळा प्रयोग केला, ते काका आणि आत्या मात्र वाचले.

आईला आनंद झाला. काठीला चिंधी बांधून तिने छपरावरून ती नाचवली. ज्या गावकऱ्यांना कालपर्यंत तिची दया येत होती, तेच आता तिच्या जिवावर उठले. मग त्यांनाही धडा शिकवायला हवा! तिने मुलाला गारपीट पाडण्याचा निरोप धाडला. कापणीला आलेले सातूचे पीक झोडपले गेले. त्या वर्षी ज्यांच्या घरात धान्य आले नाही, त्या शेतकऱ्यांनी या कुटुंबाचे काय वाकडे केले होते?

आता जमाखर्च मांडून पाहू. शेत परत मिळाले नाही. घर परत मिळाले नाही. अपराधी जिवंत राहिले, निरपराध मेले. आई पूर्वी गरीब होती, आता एकाकी झाली. आणि मुलाची झोप उडाली.

पाठीवरचे दगड

पश्चात्तापाने पोळलेला थोपागा मुक्तीचा मार्ग शोधत ल्होद्राक येथे मार्पा यांच्याकडे आला. मार्पा हे गृहस्थाश्रमी होते, स्वतः शेत नांगरणारे होते. भारतात येऊन त्यांनी नारोपांकडून ज्ञान घेतले होते. त्यांनी या शिष्याला मंत्र दिला नाही, दगड उचलायला लावले. एकट्याने एक गोल घर बांधायचे, मग ते पाडून दगड जिथून आणले तिथे परत ठेवायचे. मग अर्धवर्तुळाकार घर बांधायचे, तेही पाडायचे. मग त्रिकोणी, तेही पाडायचे. शेवटी नऊ मजली चौकोनी मनोरा. पाठीवर जखमा झाल्या, त्या चिघळल्या. गुरुपत्नी दाग्मेमा मायेने मलम लावत, चोरून जेवण देत आणि नवऱ्याकडे रदबदली करत. निराश होऊन थोपागा जीव देण्याच्या टोकापर्यंत गेला.

तेव्हा मार्पांनी त्याला जवळ घेतले आणि ही कठोरता कशासाठी होती, ते सांगितले. त्याच्या कर्माचे ओझे असे झिजवल्याशिवाय हलके होणार नव्हते. घर पाडणे सोपे असते. एकेक दगड पाठीवर वाहून घर उभे करणे किती कठीण असते, हे त्या हातांना आता कळले होते.

परतीची वाट

पुढे अनेक वर्षांनी एका स्वप्नामुळे मिलारेपा घरी परतले. घर पडलेले होते. धर्मग्रंथांच्या पानांत पक्ष्यांनी आणि उंदरांनी घरटी केली होती. मातीच्या एका ढिगाखाली आईची हाडे सापडली. पेता भीक मागत कुठे भटकत होती, हे कोणालाच ठाऊक नव्हते. ज्या आईसाठी सूड घेतला, तिच्या अखेरच्या क्षणी पाणी द्यायलाही मुलगा जवळ नव्हता.

ते भिक्षा मागत आत्याच्या दारी गेले, तेव्हा तिने कुत्री अंगावर सोडली. काकांनी दगड मारले. विद्या अजून हाताशी होती, तिचा प्रयोग मात्र त्यांनी पुन्हा केला नाही. उलट उरलेले शेत आणि घर आत्याच्याच हवाली केले आणि थोडा शिधा घेऊन ते डोंगरात निघून गेले. ज्या शेतासाठी इतके जीव गेले, ते शेत शेवटी असे हातातून सुटले.

गुहेत वर्षानुवर्षे त्यांनी साधना केली. शिधा संपल्यावर अंगाला आग लावणारा रानपाला उकडून खाल्ला. अंग हिरवट झाले, वस्त्रे विरली. पुढे ते एकच सुती वस्त्र पांघरत, म्हणून ते रेपा.

काका वारल्यानंतर आत्या पश्चात्तापाने त्यांना शोधत आली. तोपर्यंत पेता भावाला भेटली होती. तिने आत्याला पाहताच वाटेवरचा पूल काढून घेतला. तिचे काही चुकले, असे आपण म्हणू शकतो का? बालपणापासून भिकेपर्यंतचे सारे तिने भोगले होते. मिलारेपांनाही जुने घाव आठवले. तरीही त्यांनी आत्याला जवळ बसवून धर्म सांगितला. पुढे तीही साधक झाली.

आयुष्याच्या अखेरीस एका विद्वानाने मत्सरापोटी त्यांना दह्यातून विष पाठवले. त्यांनी ते ओळखले, तरीही स्वीकारले. विष घालणाऱ्यावर ते रागावले नाहीत, त्याला शरमेतून वर काढले. तोही शेवटी शरण आला. ज्या हातांनी पूर्वी एका टोमण्याचे उत्तर ३५ प्रेतांनी दिले होते, त्याच हातांनी विषाचे उत्तर क्षमेने दिले.

आपल्यासाठी

क्षमा म्हणजे अन्याय मान्य करणे नव्हे. आईने सर्वांसमक्ष हक्क मागितला, ते योग्यच होते. आज आपल्याला कायद्याचा आधार आहे, तो जरूर घ्यावा. पण हक्क मागणारा आपले ते परत मागतो, सूड घेणाऱ्याला समोरच्याचे दुःख हवे असते. आणि ते दुःख मिळाल्यावरही हात रिकामेच राहतात.

आज रात्री झोपण्यापूर्वी थोडा वेळ शांत बसूया. मनात कोणाचे नाव अजून सलते आहे, ते पाहूया. त्या माणसाला शिक्षा झाली, तर माझे काय परत येईल, हा प्रश्न स्वतःला विचारूया. उत्तर प्रामाणिक असेल, तर एक दगड तरी पाठीवरून खाली उतरेल.