वेगवेडा गार वुड

आमचा थोरला दादा खडीचा डंपर चालवतो. सुट्टीत घरी गेलो की मी कधीकधी त्याच्याशेजारी केबिनमध्ये बसून क्रशरपासून रस्त्याच्या कामापर्यंत जातो. तेथे पोचल्यावर दादा एक दांडा ओढतो, मागचा हौदा हळूहळू वर उचलला जातो आणि क्षणार्धात सगळी खडी धडधडत खाली येते. आमचे आजोबा अशाच रस्त्यांवर फावड्याने खडी उतरवीत. चौघे जण घाम गाळीत असत, तेव्हा कुठे एक ट्रक रिकामा होई, असे ते सांगत. मी कलाशाखेचा विद्यार्थी असल्यामुळे त्या दांड्यामागे काय असते याची चौकशी मी कधी केली नव्हती. परंतु ग्रंथालयात एक जाडजूड इंग्रजी ग्रंथ सहज चाळत असताना कळले की, हा हौदा तेलाच्या दाबाने उचलण्याची युक्ती ज्याने पुढे आणली, तोच माणूस एके काळी पाण्यावरचा जगातील सर्वांत वेगवान माणूस होता. त्याचे नाव गार वुड. वार्षिकासाठी थोर व्यक्तीवर लिहा असे संपादक सरांनी सांगितले, तेव्हा माझ्या मित्रांनी संत आणि देशभक्त आधीच वाटून घेतले होते. माझ्या वाट्याला हा अमेरिकन दर्यावर्दी आला. दर्यावर्दी तरी कसे म्हणावे? त्याचे बहुतेक पराक्रम गोड्या पाण्यावरचे.

गार वुडचा जन्म ४ डिसेंबर १८८० रोजी आयोवा राज्यातील मेपलटन या गावी झाला. त्याच्या जन्माच्या महिनाभर आधी अमेरिकेत निवडणूक होऊन गारफील्ड राष्ट्राध्यक्ष व आर्थर उपाध्यक्ष म्हणून निवडून आले होते. बापाने पोराचे नाव ठेवले गारफील्ड आर्थर! घरात डझनभर भावंडे. वडील मिनेसोटातील ओसाकिस सरोवरावर उतारूंची बोट चालवीत. सरोवराकाठी वाढलेल्या या मुलाला इंजिनाची खुडबूड आणि पाण्याची ओढ दोन्ही एकदमच लागल्या.

तिशीपर्यंत त्याच्या हाती फारसे काही लागले नाही. १९११ च्या सुमारास त्याने एक गाडीवान पाहिला. कोळशाने भरलेल्या ट्रकचा हौदा तो हाताने चक्र फिरवून उचलीत होता. आपल्यासारख्याने हळहळून पुढची वाट धरली असती. वुडच्या डोक्यात मात्र नळकांडे, दट्ट्या आणि तेल घोळू लागले. बंद जागेतील तेलावर पंपाने दाब दिला की तो दाब सर्व बाजूंना सारखाच पसरतो, आणि रुंद दट्ट्याखाली तो पोचला की टनावारी ओझे उचलले जाते. तत्त्व जुनेच होते, शाळेच्या पुस्तकात असते तेच. ते ट्रकच्या पोटाखाली बसवून बाजारात नेण्याचे काम वुडने केले. डेट्रॉइट शहर तेव्हा मोटारींचे माहेरघर होत होते. तेथे त्याने कारखाना थाटला, भावांना एकेक करून हाताशी घेतले आणि काही वर्षांतच तो लक्षाधीश झाला.

आता डेट्रॉइटचा भूगोल थोडा सांगितला पाहिजे, नाहीतर पुढची गोष्ट समजणार नाही. उत्तर अमेरिकेतील पाच महासरोवरे म्हणजे एकात एक ओतलेले समुद्रच. सुपीरिअर सरोवराच्या काठचे लोहखनिज, पश्चिमेकडचा गहू, दक्षिणेकडून येणारा कोळसा हे सारे अजस्र जहाजांतून या पाण्यावरून जाते. ह्यूरन सरोवराचे पाणी सेंट क्लेअर नदीतून सेंट क्लेअर नावाच्या लहान सरोवरात उतरते आणि तेथून डेट्रॉइट नदीने ईरी सरोवराला मिळते. लहान म्हणजे तिकडच्या हिशेबाने लहान. सेंट क्लेअर नदीच्या मुखाशी जेथे फाटे फुटतात आणि लव्हाळ्यांची बेटे तयार होतात, तेथे अल्गोनॅक नावाचे गाव आहे. दारावरून खनिजाची जहाजे जातात आणि लव्हाळ्यांत रानबदके उतरतात. अशा गावात बोटी बांधणारे सुतार निपजले नाहीत तरच नवल.

त्या सुतारांपैकी एक ख्रिस्तोफर कोलंबस स्मिथ. जन्म १८६१ चा. नाव एवढे मोठे, पण माणूस शिकाऱ्यांसाठी होड्या बांधणारा साधा कारागीर. भाऊ हँक याच्यासह तो बदकांच्या शिकारीसाठी होड्या करी. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस त्याने होडीत पेट्रोलचे इंजिन बसवले आणि त्याच्या हातून एकापेक्षा एक वेगवान बोटी उतरू लागल्या. त्याच्या ‘मिस डेट्रॉइट’ या बोटीने १९१५ साली न्यूयॉर्कजवळ गोल्ड कप जिंकला. ती डेट्रॉइटच्या नागरिकांनी वर्गणी काढून बांधून घेतली होती. पुढच्या वर्षी तो कप मिनिआपोलिसच्या बोटीने नेला आणि डेट्रॉइटच्या मंडळींजवळ उरले ते कर्ज. अखेर बोट विकायला निघाली आणि १९१६ मध्ये वुडने ती घेतली. तो तेवढ्यावर थांबला नाही. अशी बोट बांधणारा हात कोणाचा याची विचारपूस करीत तो अल्गोनॅकला गेला आणि स्मिथचा बोटींचा कारखानाच त्याने आपल्या ताब्यात घेतला.

येथून पुढे पैसा वुडचा, हौस वुडची आणि हात स्मिथचे. चरित्रे बहुधा शर्यत जिंकणाऱ्याची लिहिली जातात, आणि मीही तेच करीत आहे. परंतु त्या बोटींचा तळ ज्याने आकाराला आणला त्याचे ऋण मानले पाहिजे. साधी होडी पाणी कापत जाते, आणि पाणी तिला सतत मागे ओढते. स्मिथच्या शर्यतीच्या बोटींच्या तळाला मध्येच एक पायरी असे. वेग वाढला की बोट वर उचलली जाऊन त्या पायरीवर आणि मागच्या टोकावर पाण्याच्या पाठीवरून घसरत जाई. लहानपणी आपण तळ्यात चपटा दगड भाकरीसारखा फेकतो, तो जसा पाण्याला शिवत शिवत जातो, तसे. पाण्याला टेकणे जितके कमी, तितका वेग अधिक.

या तळावर वुडने विमानाचे इंजिन चढवले. महायुद्ध चालू होते आणि विमानांसाठी हलकी पण दणकट इंजिने तयार होत होती. पाण्यावर ती चालणार नाहीत असे जाणते लोक म्हणत. वुडने १९१७ ते १९२१ अशी सलग पाच वर्षे गोल्ड कप जिंकून त्यांना उत्तर दिले. शेवटी आयोजकांनी नियमच असे बदलले की, विमानाचे इंजिन लावलेली बोट स्पर्धेत उतरूच नये. १९२० साली दोन लिबर्टी इंजिने लावलेली ‘मिस अमेरिका’ घेऊन तो इंग्लंडला गेला आणि वाइट बेटाजवळ त्याने हार्म्सवर्थ चषक जिंकून आणला. देशादेशांतील मोटारबोटींसाठी १९०३ पासून असलेली ही ढाल. तिची तेव्हाची अट अशी होती की, बोट आणि इंजिन दोन्ही त्या त्या देशातच बनलेली हवीत. त्याच वर्षी त्याने डेट्रॉइट नदीवर ताशी ७४.८७ मैलांचा, म्हणजे सुमारे १२० किलोमीटरचा, जागतिक उच्चांक केला.

माणूस मोठा नाटकीही होता. १९२१ साली त्याने मायामी ते न्यूयॉर्क अशी साडेबाराशे मैलांची पैज चक्क आगगाडीशी लावली आणि किनाऱ्याकिनाऱ्याने बोट हाकून काही मिनिटांनी गाडीच्या आधी पोचला. १९२५ मध्ये हडसन नदीत पुन्हा तसाच प्रयोग केला. त्याही वेळी गाडी हरली. शर्यतीला जाताना बोटीत दोन खेळण्यातली अस्वले तो न चुकता बांधी. तेलाच्या दाबाचे शास्त्र जाणणारा हा यंत्रज्ञ शकुन मानणारा होता, हे वाचून मला तो जरा जवळचा वाटला. परीक्षेला जाताना आम्हीही तेच पेन नेतो.

दरम्यान स्मिथ आणि त्याचे मुलगे वुडपासून वेगळे झाले. मुलांना घेऊन म्हाताऱ्याने १९२२ च्या सुमारास स्वतंत्र धंदा काढला आणि एकसारख्या साच्याच्या बोटी मोठ्या संख्येने बांधून सामान्य हौशी माणसाला विकायला सुरुवात केली. त्याच ‘ख्रिस-क्राफ्ट’ बोटी. वुडकडे अल्गोनॅकचाच नॅप लिसी हा सुतार राहिला आणि पुढच्या ‘मिस अमेरिका’ त्याने उभ्या केल्या. वुडचा आणखी एक सोबती म्हणजे ऑर्लिन जॉन्सन. प्रत्येक शर्यतीत तो इंजिनाचे काटे पाहत मालकाशेजारी बसे. १९२८ च्या उन्हाळ्यात सेंट क्लेअर नदीवर चाचणी चालू असताना सहावी ‘मिस अमेरिका’ भर वेगात फुटून तिचे तुकडे झाले. दोघेही पाण्यात फेकले गेले. जॉन्सनला जबर दुखापत झाली. नदीच्या तळाशी गेलेली इंजिने वर काढण्यात आली आणि सुमारे दोन आठवड्यांत कारागिरांनी सातवी बोट उभी केली. तिने सप्टेंबरमध्ये ताशी ९२.८ मैलांचा उच्चांक केला.

मग इंग्रज चिडून उठले. सर हेन्री सेग्रेव्ह हा जमिनीवरील वेगाचा बादशहा १३ जून १९३० रोजी विंडरमिअर सरोवरात ‘मिस इंग्लंड २’ घेऊन उतरला. ताशी ९८.७६ मैलांचा उच्चांक त्याने केला आणि त्याच दिवशी पुढच्या फेरीत बोट उलटली. सेग्रेव्ह आणि त्याचा सोबती इंजिनीअर हॅलिवेल दोघेही गेले. तीच बोट दुरुस्त करून के डॉन हा नवा गडी पुढे आला. १९३१ च्या मार्चमध्ये वुडने मायामीला शंभर मैलांची वेस ओलांडली. एप्रिलमध्ये डॉनने त्याला मागे टाकले आणि जुलैमध्ये इटलीतील गार्डा सरोवरावर तो ताशी ११० मैलांवर गेला.

त्या सप्टेंबरात दोघे डेट्रॉइट नदीवर समोरासमोर आले. दोन्ही काठांवर लाखो माणसे. पहिली फेरी डॉनने जिंकली. घरच्या पाण्यावर वुड हरला! दुसऱ्या फेरीआधी त्याच्या बोटीत बिघाड निघाला, त्याने थोडी मुदत मागितली, ती मिळाली नाही. मोटारबोटींच्या शर्यतीत बोटी आधीपासून धावत येतात आणि बार होताच रेषा ओलांडतात. तेव्हाच्या नियमाप्रमाणे पाच सेकंदांहून अधिक आधी ओलांडली तर बोट बाद होई. वुडने बाराच्या कितीतरी आधी रेषा ओलांडली. त्याच्यावर नजर ठेवून असलेला डॉनही त्याच्यामागे सुटला. पुढे एका वळणावर डॉनची बोट उलटली. सुदैवाने माणसे वाचली. नियमाप्रमाणे दोघेही बादच होते. मागून जुन्या, कमी वेगाच्या आठव्या ‘मिस अमेरिका’त गारचा भाऊ जॉर्ज शांतपणे येत होता. त्याने एकट्याने फेरी पुरी केली आणि चषक अमेरिकेतच राहिला.

ही वुडची चूक होती की डाव होता, यावर तेव्हापासून वाद आहे. आमच्या वसतिगृहातही झाला. एका मित्राचे मत असे की, डॉनने घड्याळ पाहायला हवे होते, वुडच्या पाठीकडे नव्हे. दुसऱ्याने युद्धनीतीचे दाखले दिले. मला मात्र ते पटत नाही. धर्मराजाचा रथ जमिनीपासून चार बोटे वर चाले, तो एका अर्धसत्याने खाली टेकला, असे आपण लहानपणापासून ऐकतो. आयुष्यभर पाण्याच्या वर उचलून धावणारा हा माणूस त्या दिवशी खाली टेकला, असे मला वाटते. नियम मोडला नाही, नियम वापरला, असे कोणी म्हणेल. पण वेग अधिक होता तो डॉनच्या बोटीचा, हे पहिल्या फेरीत सर्वांनी पाहिले होते.

वुडलाही ते डाचले असावे. त्याने दहावी ‘मिस अमेरिका’ बांधली. ३८ फूट लांब, प्रत्येकी सोळाशे अश्वशक्तीची चार पॅकार्ड इंजिने, म्हणजे एकूण ६४०० अश्व एका होडीला जुंपलेले. १९३२ च्या जुलैत डॉनने स्कॉटलंडच्या लोमंड सरोवरावर ताशी ११९.८१ मैल गाठले होते. सप्टेंबरमध्ये वुडने त्याला चषकाच्या शर्यतीत हरवले, आणि २० तारखेला सेंट क्लेअर नदीवर ताशी १२४.८६ मैलांचा उच्चांक केला. म्हणजे किलोमीटरमध्ये दोनशेच्या वर. या वेळी बाराचा प्रश्नच नव्हता, कारण उच्चांक घड्याळाशी असतो. १९३३ साली स्कॉट-पेन या इंग्रजाच्या लहानशा पण चपळ बोटीला हरवून त्याने शर्यती सोडल्या. त्याचा उच्चांक १९३७ मध्ये माल्कम कॅम्बेलने मॅगिओर सरोवरावर मोडला.

पुढचे आयुष्य त्या मानाने शांत गेले. मेरिसव्हिल येथील त्याचा बोटींचा कारखाना १९४७ मध्ये बंद झाला. कचरा दाबून भरणारी ट्रकची पेटी मात्र त्याच्याच कंपनीने १९३८ मध्ये काढली होती. आज नगरपालिकांच्या गाड्या करतात ते हेच काम. ख्रिस स्मिथ १९३९ मध्ये वारला. त्याच्या नावाच्या बोटी जगभर गेल्या. वुड १९ जून १९७१ रोजी मायामी येथे नव्वदाव्या वर्षी मरण पावला. म्हातारपणी तो विजेवर चालणाऱ्या मोटारगाडीचे प्रयोग करीत असे.

दिवाळीच्या सुट्टीत मी ही सगळी हकीकत दादाला केबिनमध्ये ऐकवली. माझी अपेक्षा होती की, दोनशे किलोमीटर ऐकून तो चकित होईल. त्याला त्याचे काही वाटले नाही. त्याने विचारले ते जॉर्जबद्दल. मागून येऊन फेरी पुरी करणाऱ्या त्या भावाचे पुढे काय झाले, त्याला कोणी मिरवले की नाही. मला सांगता आले नाही. ग्रंथात त्याच्याबद्दल एवढेच होते. दादाने शाळा सोडून स्टिअरिंग धरले तेव्हा मी सातवीत होतो. तो काही बोलला नाही. रस्त्याचे काम आले होते, मुकादम हात करीत होता. दादाने गाडी मागे घेतली आणि दांडा ओढला.